पेलियन माशांचा कृतघ्नपणा

२ मे, सकाळी
एका गंभीर अन्यायाची नोंद. नदीत पाय सोडून अर्धा तास बसलो. एकाही पेलियनने पायाला तोंड लावलं नाही. शेजारी कोटा किनाबालूहून आलेली टुरिस्टबाई. तिच्या टाचांना मासे लुचत होते नि ती खिदळत होती. पेलियन या डोंगरातून नामशेष व्हायला आले होते. ते वाचले कुणामुळे? तागाल समितीमुळे. वर्षातून एक दिवस जाळं, एरवी नदीला हात नाही. चेअरमन कोण? मी.
मेहुणा गिंतोय म्हणाला, दाजी, पाय धुवा नाहीतर भाषणं कमी करा.

५ मे
कारण सापडलं. गुडघ्याला चोळतो ते तेल. आजपासून बंद.

९ मे
तेल बंद. मासे येत नाहीत. गुडघा सुजला.
पहाटे वरच्या डोहावर पाहणी. पाहणीला गळ लागतोच, माशांची तब्येत कळणार कशी? तब्येत उत्तम होती. बायकोने, गुलिमाने, आलं घालून रस्सा केला. मागच्या माशाच्या वेळेसारखंच दोनदा वाढून घेतलं.

१४ मे
गावात बोभाटा. वरच्या डोहावर गळ नि मोठाले खवले सापडले. माझा संशय गिंतोयवर. त्याची मोटारसायकल नवी आहे. मीटिंगमध्ये कडक ठराव मांडला: चोरलेल्या माशामागे एक कोंबडी दंड, आणि चोर समितीतला असेल तर पदही गेलं. टाळ्या. २८ तारखेला नदी उघडेल, पहिलं जाळं चेअरमनचं.

२० मे
गिंतोय कबूल होईना. उलट म्हणतो, सगळ्यांनी पाण्यात पाय सोडा, मासे ज्याला टाळतील तो चोर. गावप्रमुख गालुमाऊकाकांना पटलं. मलाही. बोटांच्या बेचक्यांत माशांचं खाद्य भरून जाणार.

२२ मे
गाव ओळीने बसलं. गिंतोयच्या पायांशी मासे असे झोंबले की जावयाला एवढा मान कुठे मिळत नाही. माझं खाद्य सुटलं नि वाहत त्याच्याचकडे गेलं. माझ्या पायांभोवती स्वच्छ पाणी. तळ दिसत होता.
कुणी हसलं नाही. गुलिमा हळूच म्हणाली, अहो, उठा आता, पाय गारठतील.
आधी माशांनी दगा दिला. मग बायकोने.

२३ मे
पद गेलं. एका माशाची कबुली दिली. गालुमाऊकाकांच्या जिन्याला कोंबडी बांधत होतो तर काकी वरून म्हणाल्या, एकच? गुलिमा तर दोन म्हणाली. घरात फितुरी! दुसरीही नेली.

२४ मे, संध्याकाळी
खुराड्यात उरली अंड्यावरची तांबडी.
तिसऱ्या माशाचं गुलिमालाही ठाऊक नाही. तो डोहावरच भाजून खाल्ला होता. मादी होती. पोटातली अंडी पाण्यात सोडली होती, जणू त्यांतून काही निघणार होतं.
कुणी विचारलं नव्हतं. काका-काकी शेतावर गेलेले पाहून तांबडी त्यांच्या जिन्याला बांधून आलो.