दसऱ्याला जन्मलेली कुलपं

बडोदे,
शनिवार

प्रिय ताई,

तुझ्या फ्लॅटच्या दाराला जे कुलूप आहे ते अनोळखी माणूसही उघडू शकतो. हे वाक्य आधीच लिहून टाकतो, कारण मी मला ओळखतो. मध्येच काहीतरी आठवेल, कच्छमध्ये उंटांच्या मागे हिंडलो ते सांगत बसेन आणि मूळ गोष्ट राहून जाईल. तू म्हणतेसच, रणवीर, तुझं वाक्य एका स्टेशनवरून सुटतं आणि भलत्याच गावी उतरतं. म्हणून कागद घेतलाय. माझं बोलणं तू हसण्यावारी नेतेस, पण कागद हातात आला की शेवटपर्यंत वाचतेस. लग्नपत्रिकासुद्धा तू खालच्या प्रेसच्या नावापर्यंत वाचतेस, मी पाहिलंय.

प्रतापरावांनी ते कुलूप तुला भेट दिलं तेव्हा मी त्यांच्याकडे नुकताच लागलो होतो, तेही तुझ्याच शब्दावर. घरोघरी जाऊन त्यांच्या कारखान्यातली आकड्यांची कुलपं बसवायची, बिघडली तर बघायची. मला आवडलं, कारण एका जागी बसावं लागत नाही. सकाळी मकरपुऱ्यातून पिशवी घेऊन निघायचं, दुपारपर्यंत अर्धं बडोदं होतं. प्रतापराव माणूस वाईट नाही. त्यांचे खापरपणजोबा संस्थानच्या फौजेत, कुठल्याशा दरवाजावर पहाऱ्याला होते, आणि गिऱ्हाइकाला कुलूप दाखवायच्या आधी ते खापरपणजोबाच दाखवतात. ऑफिसात भिंतीवर तलवार आहे, तिच्याखाली तुझा कागद, काचेच्या चौकटीत. ह्या कुलपाचा आकडा कोणालाही आधीपासून ओळखता येणार नाही, असं गणिताने सिद्ध करून तू खाली सही केली आहेस. गिऱ्हाईक कुरकुरलं की प्रतापराव चौकटीकडे बोट करतात. आमच्या बेनने लिहून दिलंय, युनिव्हर्सिटीत शिकवते. मग गिऱ्हाईक गप्प. कागदात काय लिहिलंय ते त्यालाही कळत नाही आणि प्रतापरावांनाही नाही.

मला थोडं कळतं, तुझ्यामुळे. पॉलिटेक्निक अर्धवट सोडून आलो ते वर्ष. नवरात्रात मैदानाच्या कठड्यावर बसून तू मला यंत्र समजावलं होतंस. म्हणालीस, कुठलाही कॉम्प्युटर घे, आतून तो एक कारकून आहे. समोर न संपणारी कागदाची पट्टी, हातात पेन्सिल, आणि ठरलेले नियम. हे दिसलं तर ते लिही, एक घर डावीकडे सरक, ते दिसलं तर पुस, उजवीकडे सरक. एवढ्यावर तो जगातला वाटेल तो हिशेब करतो. फक्त नाणं उडवता येत नाही त्याला. मनाला येईल ते कर म्हटलं तर बसून राहील, कारण मनच नाही. मी विचारलं, मग मोबाइल रँडम आकडे काढतो कुठून? तू समोरच्या गरब्याकडे बोट केलंस. हजारो माणसं गोल फिरत होती, लांबून बघणाऱ्याला नुसता गोंधळ. पण प्रत्येकाची पावलं बांधलेली. कोण कुठे उभं होतं आणि ढोल कधी वाजला, एवढं ज्याला माहीत, तो डोळे मिटून सांगेल की पुढे कुठली ओढणी कुठे असेल. यंत्राचं रँडम म्हणजे असाच एक लांबलचक गरबा, तू म्हणालीस. सुरुवात तेवढी बाहेरून द्यायची आणि लपवायची. तिला तू बीज म्हणत होतीस. बीज लपलं तर सगळं लपलं. मी अर्धंच ऐकत होतो खरं तर, पलीकडे सेव-उसळवाल्याकडे भांडण लागलं होतं. पण जे अर्धं ऐकलं ते आता झोपू देत नाही.

तुला ठाऊकच आहे, ह्या कुलपात मालकाचा कोड वेगळा आणि पाहुण्याचा वेगळा. तू गावाला असलीस आणि प्लंबर आला, तर फोनवर बटण दाबायचं, कुलूप एक आकडा देतं, तो प्लंबरला सांगायचा. एकदाच चालतो. मग मेला, ओळीतला पुढचा जिवंत. बटण पुन्हा पुन्हा दाबलं तर पुढचे आकडेही आधीच दिसतात, पण दार उघडतात ते आपापल्या पाळीनेच. बसवून झालं की मी गिऱ्हाइकासमोर पहिला आकडा काढून दार उघडून दाखवतो. मग पेढा मिळतो. कधी नाही मिळत. आकडा मात्र दाखवून झाला की मी विसरून जातो.

तर एके दिवशी सकाळी वाडीत एका सोनाराकडे कुलूप बसवलं आणि दुपारी अलकापुरीत एका डॉक्टरांकडे, आणि दोन्हीकडे पहिला आकडा एकच आला. अगदी तोच. मी तुला फोन केला. तू कॉलेजच्या पायऱ्या उतरत होतीस, धापा टाकत म्हणालीस, दुर्मीळ आहे, अशक्य नाही, योगायोग नावाची गोष्ट असते बाबा. तुला दोन ढग सारखे दिसले तरी तू त्यांची सोयरीक जुळवतोस. मी म्हटलं, ताई, पण आज दोन घरी. तू म्हणालीस, मग सिद्ध करून दाखव, गोष्टी तर सगळेच सांगतात. आणि हसलीस. मीही हसलो. तेव्हा हसण्यासारखंच होतं.

मग मंदाकिनीबाईंचा फोन आला. अलकापुरीतच राहतात, निवृत्त शिक्षिका, एकट्या. आवाजात अजून छडी आहे. म्हणाल्या, अरे मुला, तुझं कुलूप बिघडलंय, येऊन बघ. गेलो. कुलूप उत्तम होतं. मी तसं म्हटलं तर त्यांनी मला आत बसवलं. मग सांगितलं, भाजी घेऊन घरी आले, दार उघडलं, तर दिवाणखान्यातला झोपाळा, आपला हिंचका, हलत होता. वारा नाही, खिडक्या बंद. जोरात नाही रे, कोणी नुकतं उठून गेल्यावर हलतो ना, तसा. त्या दारातच उभ्या राहिल्या, तो थांबेपर्यंत. काही गेलं नव्हतं. दागिने जागेवर, पैसे जागेवर. मी कुलपाची आठवण उघडली, म्हणजे कोण कधी आलं ते त्यात राहतं ना, ती. त्यात लिहिलं होतं, पाहुणा. बाईंनी कोणाला आकडा दिला नव्हता. त्यांनी काय केलं सांगू? वर्षानुवर्षं कामाला येणाऱ्या बाईला त्याच संध्याकाळी काढून टाकलं. ती जिन्यात रडत होती. म्हणत होती, मी हिंचक्यावर कशाला बसू, मला चक्कर येते.

त्यानंतर असे फोन येतच राहिले. एकाच्या घरी झाकून ठेवलेली खिचडी थोडी खाल्लेली, ताट धुऊन पालथं घातलेलं. एकीच्या मुलीच्या खोलीत पलंगावरची चादर नीट ओढलेली, आणि ती मुलगी जन्मात चादर ओढत नाही. कुठे चोरी नाही. चोरी झाली असती तर बरं, ताई. चोर काय घ्यायला आला ते कळतं. हा माणूस नुसता येऊन बसतो.

परवा कारखान्यात एक सुटा भाग आणायला जुळणीच्या खोलीत गेलो. तिथे प्रेमलाबेन असतात, जुळलेल्या कुलपाचं झाकण बसवून ते पहिल्यांदा चालू करायचं काम त्यांचं. मी भाग शोधत होतो आणि त्या एकेक कुलूप पुढ्यात घेऊन त्याचं घड्याळ मागे फिरवत होत्या. मागे म्हणजे किती, तर थेट दसऱ्यापर्यंत, आणि प्रत्येक कुलपाला तीच एक ठरलेली वेळ. मग चालू करायचं, कुंकवाचं बोट लावायचं, आणि त्यानंतर आजची खरी तारीख-वेळ घालायची. मी म्हटलं, हे काय? त्या म्हणाल्या, साहेबांचा नियम आहे भाई. अमासेला जुळलेलं असो नाहीतर पितृपक्षात, जन्म दसऱ्याचाच, विजय मुहूर्तावरचा. साडेतीन मुहूर्तांतला एक. अशा कुलपाला शत्रू नाही. आणि मला प्रसादाची साखर दिली. मी ती हातात धरून उभा राहिलो.

कारण कुलूप पहिल्यांदा डोळे उघडतं तेव्हा आपल्या घड्याळाकडे बघतं, आणि जी वेळ दिसेल तेच बीज धरतं. ज्याने प्रोग्राम लिहिला त्याला वाटलं असणार, कारखान्यात कुठल्या दोन वस्तू एकाच क्षणी चालू होणार? शहाणा विचार आहे. पण त्याला प्रतापराव माहीत नव्हते. ताई, ह्या कुलपांना बाहेरून जे नाणं द्यायचं होतं ते प्रतापरावांनी पंचांगातून दिलं, आणि सगळ्यांना एकच दिलं. बडोद्यातल्या दारादारांवर एकाच कुंडलीची भावंडं बसली आहेत. सगळी एकाच ढोलावर निघाली, एकच गरबा खेळतायत. एकाला विचारलं की सगळ्यांचं कळतं. विचारायलाही काही लागत नाही, घरबसल्या बटण दाबत राहायचं आणि आकडे बघत राहायचं. ज्याच्या घरी हे कुलूप आहे त्या प्रत्येकाच्या हातात बाकी सगळ्यांच्या किल्ल्या आहेत. बहुतेकांना माहीत नाही. एकाला माहीत आहे. तो आपलाच कोणीतरी गिऱ्हाईक असेल, मी त्याच्याकडे पेढाही खाल्ला असेल.

मी प्रतापरावांना सांगितलं. अगदी नीट, गरब्यासकट. त्यांनी ऐकून घेतलं आणि म्हणाले, अरे डाह्या, शहाण्या, मुहूर्ताने चोर आत येतो का बाहेर राहतो? मी हिंचक्याचं सांगितलं. म्हणाले, काय गेलं? तिजोरी फुटली? नाही ना? मग म्हातारीचा हिंचका वाऱ्याने हलला, जवा दे ने, सोडून दे. मी म्हटलं, निदान घड्याळ तरी मागे नेऊ नका. तेव्हा मात्र त्यांचा चेहरा बदलला. म्हणाले, खापरपणजोबांनी दसऱ्याशिवाय तलवारीला हात लावला नाही, मी काय पितृपक्षातलं कुलूप लोकांच्या दारी पाठवू? आणि मग चौकटीकडे बोट केलं. तुझ्या ताईची सही आहे. ताई शहाणी का तू? जा, चा पी ने शांत हो. मी चौकटीजवळ जाऊन पहिल्यांदाच तुझा कागद वाचायचा प्रयत्न केला. चिन्हं होती सगळी. पण अगदी वर माझ्यासारख्यालाही कळेल असं तू लिहिलं होतंस, की बीज कोणालाच ठाऊक नाही असं धरू. खालचं सगळं खरंच असेल, ताई. तू चुकली नाहीस. पण ती ओळ कोणी तपासली नाही, आणि तिच्या खालच्या सगळ्या ओळी दारांवर बसल्या.

इथपर्यंत मी सकाळी कँटीनमध्ये लिहिलं. तू बेंगळुरूहून आज येणार, फोन लागत नाही, मेसेजला तू अंगठा पाठवलास. म्हणून बेत केला होता की तुझ्याच घरात शिरायचं आणि हे पत्र तुझ्या टेबलावर ठेवून यायचं. सिद्ध कर म्हणालीस ना, बंद घरात माझं पत्र, ह्याहून मोठी सिद्धता कुठली, आणि तू चिडलीस की मग दोघं हसू. दुपारी तुझ्या मजल्यावर गेलो, पिशवीतल्या नव्या कुलपाला आकडे विचारले आणि तुझ्या दाराशी उभा राहिलो. तुझा पहिला आकडा बसवताना मीच वापरला होता. त्यानंतर तू कोणालाच दिला नाहीस, माझ्याकडे कोण येतंय, असं तूच म्हणतेस. म्हणजे दुसऱ्या आकड्याला दार उघडायला हवं. आकडा चुकला तर लाल दिवा लागतो, उघडलं तर हिरवा, आणि आकडा बरोबर पण आधीच वापरून झालेला असेल तर पिवळा. मी दुसरा घातला. पिवळा. लाल लागला असता ना ताई, तर मी तिथेच नाचलो असतो, की मी मूर्ख आणि तू शहाणी. तिसरा घातला, पिवळा. चौथा, पिवळा. मग मी मोजणं सोडलं, नुसता घालत गेलो आणि तो पिवळा लागत गेला. शेवटी एकदाचा हिरवा लागला आणि दार उघडलं. आत पंखा चालू होता. तू सोमवारी गेलीस. मी आत पाऊल टाकलं नाही, दार ओढून घेतलं आणि जिन्याने उतरलो, लिफ्टसाठी थांबलो नाही. आता विमानतळाबाहेर चहाच्या टपरीवर बसून हे शेवटचं लिहितोय. पत्र तुझ्या हातात देईन, टॅक्सीत बसायच्या आधी उभ्या उभ्या वाच. इथून वाडीत आईकडे जाऊ, मग पोलिसांकडे. तिथे तू बोल, माझं कोण ऐकणार. आणि प्रतापरावांच्या भिंतीवरची तुझी सही तू स्वतः जाऊन उतरव, ती दुसरं कोणी उतरवू शकत नाही. तोपर्यंत त्या घरी जाऊ नकोस, कपडे आणायलासुद्धा नाही. मी उघडून लावलं तेव्हा तुझं कुलूप पुढच्या आकड्यावर गेलं. तो आकडा मला माहीत आहे. त्यालाही माहीत आहे.

तुझाच,
रणवीर