निम्मी भरपाई

११ फेब्रुवारी, मंगळवार

निम्मी! व्हॅनवाल्याच्या इन्शुरन्स कंपनीने निम्मी भरपाई देऊ केली आहे. कारण काय, तर शेखर लाल सिग्नलला पुढे गेला. व्हॅनला हिरवा होता, असं मागच्या कारमधल्या बाईने सांगितलंय. आता चूक माझ्या नवऱ्याची, पण तो सायकलवर होता म्हणून इथल्या, नेदरलँड्सच्या कायद्याने निम्मे तरी मिळतात. आमची वकील मार्लूस म्हणाली, "हे वाईट नाहीये, नीला." वाईट नाहीये म्हणे. तिचं काय जातंय!

अख्ख्या टिलबर्गमध्ये रस्त्यावर चिटपाखरू नसताना सिग्नलला पाय टेकून उभा राहणारा हा एकच माणूस. बाजूने शाळकरी पोरं निघून जायची, हा ढिम्म. मी वैतागायचे त्याच्यावर. आणि तो आठ वर्षांच्या मुलीला घेऊन पोहायच्या क्लासला निघालेला असताना सिग्नल तोडेल? समता पुढे होती, हा मागे. ती हिरव्यावर पार झाली आणि याला मध्येच लाल लागला, दुसरं काय असणार? व्हॅनवाल्याने घाई केली. मी सही करणार नाही.

१२ फेब्रुवारी

अण्णांना सांगितलं. मुलगा अपघातात गेल्यावर आले, व्हिसा संपला म्हणून पुण्याला गेले, आता पुन्हा आलेत. ऐकून म्हणाले, "आयुष्यभर एसटी चालवली मी. एक साधा धक्का नाही कुणाला. माझा पोरगा सिग्नल तोडतो होय? पैसे गेले चुलीत. हे कागदावर येता कामा नये."

पैसे चुलीत घालून कसं चालेल, हे त्यांना कोण सांगणार? माझ्या अर्धवेळ नोकरीत या घराचा हप्ता निघत नाही. घर गेलं की शाळा गेली. मग समताला घेऊन पुण्याला परत, जिथे तिला धड मराठी लिहिता-वाचताही येणार नाही.

२० फेब्रुवारी

चौकातल्या खांबांवर कागद लावून आले — अपघात पाहिला असेल तर कृपया फोन करा. डचमध्ये, शेजारणीकडून तपासून.

२४ फेब्रुवारी

एकही फोन नाही. पावसाने कागदाचा लगदा झालाय. पुन्हा लावले.

१ मार्च, शनिवार

रडून डोकं दुखतंय. स्मृतिसभेच्या कार्यक्रमासाठी शेखरचा फोटो हवा होता म्हणून त्याचा फोन उघडला, तर सगळे फोटो समताचे. स्वतःचा एक नाही. असा कसा रे तू!

४ मार्च

मार्लूसने आज विचारलं, "समताला विचारलंत का?"

मी म्हटलं, ती आठ वर्षांची आहे.

"हो. आठ वर्षांच्या मुलांना बोलता येतं."

मला असा राग आला! पण घरी येताना बसमध्ये विचार करत बसले. खरंच, कोणी विचारलंच नाही तिला. पोलिसांनी विचारलं तेव्हा ती नुसती रडत होती. त्यानंतर आमच्या घरात एकच घोकणी — पोरीसमोर विषय नको. कुणी भेटायला आलं की तिच्या हातात टॅब द्यायचा आणि तिला वरच्या खोलीत पाठवायचं. भेटायला येणारेही तसेच, ती जिन्यात दिसली की गप्प. आपल्याकडे असंच करतात. लहान आहे, विसरेल. तिथे हजर असलेलं आमचं एकुलतं एक माणूस, आणि त्यालाच आम्ही घरभर चुकवत फिरतोय.

५ मार्च

अण्णा कडाडले. "पोरीला कोर्टात उभी करतेस?" कोर्ट नाहीये म्हटलं, लहान मुलांशी बोलणारी एक बाई आहे, खेळणी असतात तिच्याकडे. "पोरीला पुन्हा तिथे नेऊन उभी करू नकोस, नीला." मग मीही आवाज चढवला. "तुम्हालाच ना मुलाच्या नावावरचा डाग पुसायचाय? कोण पुसणार? मी होते का तिथे? तुम्ही होतात?"

नको ते बोलले. ते जेवले नाहीत. वंदनेला बसले तेव्हा मी मागे जाऊन बसले, पण वळून बघितलं नाही त्यांनी.

१३ मार्च

अठरा तारखेची वेळ मिळाली. कंपनीलाही ते चालेल. मार्लूस म्हणाली, तो पुढे का गेला याचं नीट कारण मिळालं तर सगळंच बदलेल, कदाचित पूर्ण भरपाई. देवबिव मानत नाही मी, पण आज कुणाच्या तरी पाया पडावंसं वाटतंय.

१६ मार्च, रविवार

समताच्या डोक्याला तेल लावता लावता विषय काढला. तोंड समोर नसलं की ती बोलते. मी मराठीत, ती डचमध्ये, नेहमीसारखं. म्हटलं, परवा एक मावशी तुला त्या दिवसाचं विचारेल. तू फक्त खरं सांगायचं. मग सगळ्यांना कळेल की बाबांची चूक नव्हती.

"ती लिहून घेणार?"

"हो."

"आजोबा वाचणार?"

"आपण वाचून दाखवू त्यांना. खूश होतील."

वेणी घट्ट झाली म्हणून रडली. सैल केली तरी रडत होती. जेवलीही नाही. ताप असेल म्हणून बघितलं, अंग थंड होतं.

१७ मार्च

शाळेत चालत जाताना समता मध्येच थांबली आणि एका दमात म्हणाली, "बाबा लाल सिग्नलला थांबले होते. मी नाही थांबले. आमची शर्यत होती. ते ओरडत माझ्या मागे आले." मग विचारलं, "हेच सांगायचं ना त्या मावशीला?"

तिला पोटाशी धरलं. नाही, म्हटलं. कुणालाच नाही. तुझी चूक नाही गं बाळा.

मार्लूसला फोन केला. उद्याची भेट रद्द, निम्मी मान्य आहे. तिने कारण विचारलं. म्हटलं, सिग्नल शेखरनेच तोडला.

घरी येऊन अण्णांनाही तेच सांगितलं.