घड्याळजीचा भाऊ

३ फेब्रुवारी

चि. उंटास,
अनेक उत्तम आशीर्वाद.

तुझ्या ग्रँडमास्टरकीला खरी किंमत काय पडली, ते काल दुकानात एका गिऱ्हाइकाला मांडून दाखवलं. दोन दाढा, विचार करताना चावून चावून गेलेल्या. एक ठरलेलं लग्न, कारण मुलीचं म्हणणं पडलं की हा माझ्याकडे बघतो तेव्हाही पटच बघतो. आणि आईचं शेवटचं आजारपण. तू तेव्हा स्पर्धेत होतास आणि तिनेच आम्हाला दम दिला होता, त्याला कळवाल तर खबरदार. गिऱ्हाईक बिचारं नुसता पट्टा बदलायला आलं होतं.

आता मुद्द्याचं. दुकानावरची खोली रिकामी झाली. दोन खिडक्या, उजेड चांगला, आठ टेबलं आरामात बसतील. सुताराला सांगून टाकलं आहे. सत्तावन्न वर्षांचा झालास, अजून किती दिवस परक्यांच्या खानावळीत मोजे वाळत घालणार? घरी ये आणि बुद्धिबळाचा वर्ग चालव. तुझी वहिनी म्हणाली, भावजींना राग येईल. मी म्हटलं, लहानपणी दारातूनसुद्धा तिरका आत यायचा म्हणून उंट नाव पडलं त्याचं, राग आला तरी सरळ यायचा नाही.

पाटी रंगवायला टाकली आहे. तुझं नाव, खाली पदवी आणि त्याखाली माझी एक ओळ: ‘घड्याळावर कधीही न हरलेला’. पटावर काय, कोणीही हरतो. पण हातात डाव असताना वेळ संपून हरायचं, हे घड्याळजीच्या घरात होत नाही. फुटपाथवर पेटी मांडून बसायचो तेव्हा दोन मोडकी गजराची घड्याळं जोडून तुझ्यासाठी खेळायचं घड्याळ केलं, ते सगळ्यांना सांगतो. त्याची टिकटिक तुझ्या अंगात भिनली. तू तर खेळताना घड्याळाकडे बघतही नाहीस.

लवकर लिही. लोभाला चावी देत राहा.

तुझा,
दादा

---

१९ फेब्रुवारी

तीर्थस्वरूप दादास,
सा. न. वि. वि.

पत्र पोचलं. राग आला नाही, वहिनीला सांग. खोलीचं वाचलं आणि दोन दिवस तीच डोळ्यांसमोर होती. इथे माझ्या खोलीला एकच खिडकी, तीही समोरच्या भिंतीवर उघडते.

पण लगेच हो म्हणत नाही. पुढच्या महिन्यात इथे स्पर्धा आहे. पहिला येईल त्याला ज्येष्ठांच्या जगज्जेतेपदाचं बोलावणं. तरुणपणी त्या दारापर्यंत जाऊन परत आलो, तुला ठाऊक आहे. आता ज्येष्ठांचं का होईना, एकदा त्या पटावर बसायचं आहे. बोलावणं मिळालं तर आणखी काही वर्षं इकडेच काढीन. नाही मिळालं, तर बाडबिस्तरा बांधून तुझ्या माडीवर.

पाववालाही येतोय. आठवतो ना? बेकरीवाल्याचा मुलगा, आम्हा दोघांना एकाच स्पर्धेत पदवी मिळाली होती. खिशात पाव घेऊन खेळायला बसायचा आणि चाल सुचली नाही की एक तुकडा माझ्याकडे सरकवायचा. आता त्याला ऐकू येत नाही. साधी गोष्ट सांगायची तरी ओरडून सांगतो.

परवा एकटाच बसलो असताना आपलं स्वयंपाकघर आठवलं. काळा वजीर हरवला होता, म्हणून तू त्याच्या जागी भिंतीवरच्या घड्याळाची चावी उभी केलीस. आई भांडी घासता घासता विचारायची, चावी जिंकली का रे? पुढे चांगले लाकडी वजीर हाताळले, पण त्या चावीसारखा हातात बसणारा एकही भेटला नाही.

एक विनंती. पाटीवरची ती तिसरी ओळ गाळलीस तर बरं. पदवी पुरे.

माझ्यावरचा लोभ आहे तसाच राहू दे.

तुझा,
उंट

---

६ मार्च

चि. उंटास,
आशीर्वाद.

ओळ गाळणार नाही. पदवी आहे पुष्कळांना. विनय दाखवायचा तर तो वहिनीपुढे दाखव, तिला आवडतो. पाटी वाळून आली, अक्षरं झकास उठली आहेत. येणारा-जाणारा वाचतो आणि आत येऊन चौकशी करतो. मी प्रत्येकाला थांबवून ती ओळ समजावून सांगतो.

तू लिहिलं नाहीस तेही मला ऐकू आलं. दमला आहेस. आयुष्य गिऱ्हाइकांचं ऐकण्यात गेलं माझं. घड्याळ हातात घेण्याआधी माणूस काय बोलतो यावरून कळतं, पडलंय की भिजलंय.

खरं सांगू? तू जिंकावंस असं वाटतं आणि येऊन माडीवर बसावंस असंही वाटतं. तू दोन डाव जिंकल्याचं परवा पेपरात वाचून मी मोठ्याने सुस्कारा टाकला. वहिनीने लगेच विचारलं, हा कुठल्या बाजूचा? मी पेपर तोंडासमोर धरला.

मन लावून खेळ. हात राखून खेळलास असं कळलं तर माडीवर पाय ठेवू देणार नाही. टेबलं आली आहेत. आपलं ते जुनं घड्याळ तेलपाणी करून पहिल्या टेबलावर ठेवलं आहे. मुलं त्याच्यावरच शिकतील.

जेवण वेळेवर घे आणि लोभात खंड पडू देऊ नको.

तुझा,
दादा

---

२४ मार्च

तीर्थस्वरूप दादास,
सा. न. वि. वि.

हात राखून खेळलो नाही. शेवटच्या फेरीपर्यंत मी आणि पाववाला बरोबरीने पुढे होतो आणि शेवटचा डाव आमचाच लागला. जिंकेल त्याला बोलावणं.

डाव माझ्या हातात होता. माझं प्यादं वजीर व्हायला दोन घरं उरली होती. साधी चाल होती, खेळून टाकायची. पण मला त्याहून देखणी चाल दिसू लागली आणि वाटलं, आहे अजून वेळ. मान वर केली तर पाववाला पटाकडे बघतच नव्हता. आधी त्याने माझ्या घड्याळाकडे पाहिलं, मग खिडकीबाहेर. पंच दुसऱ्या टेबलाशी होते, तेव्हा त्यालाच बोलावं लागलं. त्या बिचाऱ्याने हळूच सांगायचं म्हणून सांगितलं आणि सबंध सभागृहाने ऐकलं: “गड्या, तुझी वेळ संपली.”

मग हात मिळवला आणि पावाचा तुकडा माझ्याकडे सरकवला. मी खाल्ला. बोलावणं त्याला गेलं. वाईट वाटलं, नाही असं नाही. पण संध्याकाळी खोलीवर आलो, पेटी ओढली आणि कपडे भरायला घेतले, तेव्हा हात हलके चालत होते.

पुढच्या महिन्याच्या आठ तारखेला सकाळच्या गाडीने येतो. स्टेशनावर येऊ नको, दुकान उघडं ठेव. मी सरळ वर जाईन.

वहिनीला नमस्कार. लोभ आता समोरासमोर.

तुझा,
उंट

ता. क. दादा, घड्याळावर हरण्याची ही पहिली वेळ नव्हे. त्या जगज्जेतेपदाच्या दारातून परत आलो तोही असाच. तुला नुसतं ‘हरलो’ कळवत आलो, कसा ते तू कधी विचारलं नाहीस. येताना वर्गासाठी नवीन घड्याळ आणतोय, पहिल्या टेबलावर ते ठेवू. आपलं जुनं तू पहिल्या दौऱ्याला माझ्या पेटीत घातलं होतंस, तेव्हा मी ते स्पर्धेतल्या घड्याळाशेजारी लावून पाहिलं. तासाला दोन मिनिटं मागे पडतं.