पर हेड दोनशे पंच्याहत्तर

३ नोव्हेंबर १९९६, रविवार. सातारा.

अवधूतचं लग्न १५ डिसेंबरला, सांगलीच्या क्षमाशी. त्याआधी दोन्हीकडच्या मित्रमैत्रिणींनी एक शनिवार-रविवार एकत्र जायचं, म्हणजे मांडवात एकमेकांकडे परक्यासारखं बघत बसायला नको. कल्पना क्षमाची. घरच्यांची अट एकच, सोबत तिची शालूमावशी. एकूण दहा जण. ३० तारखेला पाचगणी.

बजेट माझ्याकडे. साहजिक आहे. बँकेत आहे मी. टेबल जावकचं असलं तरी बँक ती बँक.

अवधूत म्हणाला, एसटीनं जाऊ, ओळखीच्यांच्या दोन खोल्या मिळतील, माणशी दीडशेत भागव.

संकल्प : बजेट वाजवी. एक रुपया जास्त नाही.

१२ नोव्हेंबर, भाऊबीज. सांगली.

ताईकडे ओवाळून घेतलं, साडेचारला क्षमाकडे. तिची मैत्रीण भार्गवी तिथेच होती. कॉलेजात अकाउंट्स शिकवते. बजेटचा कागद दाखवला. तिनं दोनदा वाचला. "यात कंटिन्जन्सी, म्हणजे अचानकच्या खर्चासाठी काय धरलंय?" म्हणाली. इतक्या बारकाईनं माझं आजवर कुणी काही वाचलेलं नाही.

परतताना एसटीत विचार केला. दीडशे म्हणजे सातारकर चिक्कू, असं सांगलीत म्हणतील. अवधूतच्या सासरचा प्रश्न आहे. त्याच्या अब्रूसाठी थोडं वाढवावं लागेल.

१७ नोव्हेंबर, रविवार. सकाळी ९.

बजेट फायनल. जीप अकराशे. हॉटेल आठशे, खोलीतून दरी दिसते. जेवणखाण माणशी पंच्याऐंशी, रात्रीचं जेवण नऊला, म्युझिकसह. पर हेड २७५. अवधूतनं कागद खालपर्यंत वाचला. मग म्हणाला, "सगळ्यांना जमेल का रे?" म्हटलं, लग्न एकदाच होतं.

हॉटेलला तीनशे ॲडव्हान्स उद्या मनीऑर्डरनं पाठवतोय. माझ्या खिशातून. पुढाकार घेणाऱ्याला हे करावंच लागतं.

१९ नोव्हेंबर.

जोतिबा येत नाही. सायकलच्या दुकानात कामाला आहे, शाळेपासूनचा आमचा. पान्हा पुसत म्हणाला, "न्हाई जमायचं गड्या. रविवारी दुकानात लय काम हाय." असेल. रविवारी सायकली जास्त मोडत असतील.

२० नोव्हेंबर.

सांगलीहून सुंदरीचं नाव कमी. क्षमाची मैत्रीण. घरी पाहुणे आहेत म्हणे. इकडून नारायणही गळाला, त्याच्या आईचं काहीतरी. लोकांना नियोजनच नाही.

सात उरले. जीप आणि हॉटेल तेवढंच, म्हणून पर हेड आता ३५६. म्हणजे साडेतीनशेच धरा. सर्वांना कळवलं.

२२ नोव्हेंबर.

अजून दोघं गळाले. पर हेड ४६५.

गणितात चूक नाही. तीनदा तपासलं.

२३ नोव्हेंबर, शनिवार. दुपारी १२.

बँकेत शालूमावशींचा एसटीडी. मॅनेजर समोर उभे. मावशींनी विचारलं, "काय हो सुमंत, सुंदरी का येत नाही ठाऊक आहे?" पाहुणे, म्हटलं. "पाहुणेबिहुणे काही नाही. जैनांची मुलगी ती. दिवस मावळल्यावर जेवत नाही. तुमचं जेवण नऊला." हे मला कुणी सांगितलं नव्हतं, म्हटलं. "तुम्ही विचारलं होतं का?" म्हणाल्या. मॅनेजर अजून उभेच होते, म्हणून जास्त बोलता आलं नाही.

मग त्यांनी स्वतःचाच बेत सांगितला. पाचगणी रद्द. वाईला त्यांच्या नणंदेचं घर आहे, तिथे राहायचं. एसटीचं तिकीट ज्याचं त्यानं काढायचं. बाकीसाठी प्रत्येकानं, किती झेपेल तो आकडा चिठ्ठीवर लिहायचा. नाव नाही. सगळ्यांत लहान आकडा असेल तेवढाच प्रत्येकानं द्यायचा, आणि तेवढ्यात भागवायचं.

ही पद्धत अर्थशास्त्रात नाही. भार्गवीला आवडली म्हणे. सौजन्य दाखवत असेल.

२५ नोव्हेंबर.

साताऱ्याच्या चिठ्ठ्या अवधूतच्या घरी डालडाच्या डब्यात टाकायच्या होत्या. मी ५०० लिहिले. कुणीतरी पातळी उंचावली पाहिजे.

संध्याकाळी डबा उघडला. माझा सोडला तर मोठे आकडे नव्हतेच. सगळ्यांत लहान ४०. सांगलीतही त्याहून खाली कुणी नाही. म्हणजे पर हेड चाळीस. माझ्या दहावीच्या सहलीला याहून जास्त होते.

चाळीस कुणाचे हे उघड आहे. बिचारा जोतिबा. पण आता तो येतोय. सुंदरी, नारायण, बाकीचे दोघंही येताहेत. हॉटेलला ॲडव्हान्स परत मागितला. मिळणार नाही म्हणाले.

३० नोव्हेंबर, शनिवार. वाई.

दहाच्या दहा हजर. दुपारी पिठलं, भाकरी, ठेचा, घाटावर बसून. मावशींनी रात्रीचं जेवण पाच वाजताच वाढायचं ठरवलं. बटाटा नाही, कांदा नाही. सुंदरी पहिल्यांदा मोकळी हसली. नारायणनं आईला शेजारी सोडून आलोय सांगितलं, तर मावशी म्हणाल्या, "मग तिला का नाही आणलंस?" जोतिबानं नणंदबाईंच्या घरातला बंद पडलेला हातपंप दुरुस्त केला. सगळे त्याच्याभोवती. कंटिन्जन्सी लागलीच नाही.

मला वाटलं, जोतिबाला अवघडल्यासारखं होत असेल. म्हणून जेवायला बसताना सगळ्यांसमोर त्याच्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हटलं, जोतिबा, चाळीस लिहिलेस यात लाज वाटण्यासारखं काही नाही.

जोतिबा पाण्याचा तांब्या घेऊन उभा होता. म्हणाला, "माजी चिठ्ठी पंच्याहत्तरची हुती रं."

मग अवधूत म्हणाला, "चाळीस माझे होते."

तो नोकरीला आहे तो कारखाना ऑगस्टपासून बंद आहे. चार महिने पगार नाही. लग्नसुद्धा पुढे ढकलायचं म्हणत होता, क्षमानं ढकलू दिलं नाही. क्षमाला माहीत होतं. जोतिबाला माहीत होतं. मावशींनाही.

नंतर घाटाच्या पायऱ्यांवर त्याला एकट्याला गाठलं. मला का नाही सांगितलंस?

तो हसला. रागावला असता तर बरं झालं असतं. म्हणाला, "तुला सांगितलं असतं सुमंत, तर तू त्याचंही बजेट काढलं असतंस."

१ डिसेंबर, रविवार. वाई स्टँड, दुपारी ३.

सांगलीची गाडी आधी लागली. भार्गवीनं खिडकीतून सगळ्यांना हात केला. सगळ्यांत मीही होतो.

साताऱ्याच्या गाडीत जोतिबा आणि अवधूत एका बाकावर. मला मागे जागा मिळाली. चाकावरची.

४ डिसेंबर, बुधवार. सातारा.

लंच टाइममध्ये पाचशे रुपये काढले, पाकिटात घातले, अवधूतकडे गेलो. घराला चुना देणं चाललं होतं. पाकीट त्यानं घेतलं नाही. म्हणाला, लागतील तर मागेन. ज्या आवाजात म्हणाला, त्यावरून मागणार नाही.

मग म्हटलं, लग्नात काहीतरी काम दे. हिशोब नको. कुठलंही. सामान आणतो, पाहुण्यांना स्टँडवरून घेऊन येतो.

त्यानं ब्रश चुन्यात बुडवला. म्हणाला, "सगळं वाटून झालंय रे. तू फक्त ये. पहिल्या पंगतीला बस. पोटभर जेव."

वाढायला जोतिबा आहे.

पहिली पंगत म्हणजे मानाचीच म्हणायची. त्यापुढे विचार करायचा नाही, असा संकल्प.