ठकीसाठी अपील

९ मार्च, मंगळवार

भाऊजी,

नमस्कार. साष्टांग लिहिणार होते, पण कोर्टात समोरासमोर बसून झाल्यावर तेवढं वाकवत नाही.

तुम्ही खुशाल असाल. मी ठीक आहे. दुकानात उसवाउसवीची कामं भरपूर आहेत. एका गिऱ्हाइकानं कोटाच्या बाह्या हट्टानं आखूड करून घेतल्या, आणि आता हात लांब दिसतात म्हणून माझ्याशीच भांडतोय.

निकालाप्रमाणे रविवारी ठकीला न्यायला याल तेव्हा मोठी बॅग आणा. स्वेटर, बूट, कानाचं औषध, सगळं काढून ठेवलंय. डाव्या कानात पाणी जाऊ देऊ नका. झोपताना दार किलकिलं लागतं. वेणी घट्ट झाली तर डोकं दुखतं, पण ती सांगत नाही. तुम्हीच बघा.

काल माझ्या वकीलबाई घरी आल्या होत्या. अपील करू म्हणतात. मी म्हटलं, निकाल वरच्या कोर्टानंच दिलाय, आता याच्या वर कुठे जायचं, देवाकडे? तर म्हणाल्या, "वर नाही, याच कोर्टात. निकाल एकट्या न्यायाधीशांचा आहे. त्यावर इथल्याच दोन न्यायाधीशांपुढे अपील चालतं. मधल्या बारीकसारीक हुकमांवर सहसा नाही चालत, पण हा शेवटचा हुकूम आहे." शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात. आपण दोघं चढून बसलो, आणि आता कळतंय की जिना अजून शिल्लक आहे.

त्यांना खात्री आहे की मी जिंकेन. का, ते तुम्हाला कळवावं की नाही या विचारात सकाळपासून दोन बाह्या उलट्या लावल्या. कळवते.

न्यायाधीशांनी ठकीला एकटीला आत बोलावून विचारलं, कुणाकडे राहायचं. ती म्हणाली, बाबांकडे. निकालात तेवढंच आलंय. ते ऐकताना तुमचे डोळे भरून आले, मी पाहिलं. का, असं तिला कुणी विचारलं नाही. मी घरी आल्यावर विचारलं, चिडूनच विचारलं.

ती म्हणाली, "मावशी, तुझ्याकडे मशीन आहे, दुकानातल्या बायका आहेत. बाबांकडे कुणीच नाही. तूच म्हणतेस ना, ज्याच्या ताटात कमी त्याला आधी?"

भाऊजी, आमच्याकडे जेवताना शेवटचं काही उरलं की ते कुणाला द्यायचं हे ठकी ठरवते. हातात चमचा धरता यायला लागला तेव्हापासून हे काम तिचं. तिनं कोर्टातही तेच केलं. तिथे द्यायला तिच्याकडे ती स्वतःच होती.

वकीलबाई म्हणतात, हे मांडलं तर निकाल टिकणार नाही, तिला परत बोलावून विचारतील. म्हणजे पोरीचं बोलणं खरं धरू नका, असं मी दोन न्यायाधीशांना पटवायचं, आणि तिनं ते ऐकायचं. मी शिकवलं ते फक्त जेवणापुरतं होतं, असं तिला वाटेल. हे माझ्यानं होणार नाही. मी सही केलेली नाही. मुदत संपेपर्यंत विचार करा म्हणाल्या. मन फिरायच्या आत हे पत्र पेटीत टाकतेय.

ताई गेली तेव्हा तान्ही ठकी माझ्या मांडीवर होती, त्यामुळे रडायला फुरसत झाली नाही. आता फुरसतच फुरसत आहे.

तुमच्यावर राग नाही. होता, पण तुम्ही बोटीवरची नोकरी सोडून आलात, हे मला दिसतं. एकच सांगते. ती तुम्हाला "पोट भरलं" म्हणेल. "थंडी नाही वाजत" म्हणेल. एखाद्या दिवशी "मला मावशीची आठवण येत नाही" असंही म्हणेल, तुम्हाला वाईट वाटू नये म्हणून. पहिल्या उत्तरावर निकाल देऊ नका. पुन्हा विचारा. माझं अपील एवढंच, आणि ते तुमच्यापुढे आहे.

रविवारी मी दारात हसत उभी असेन. तेही खरं धरू नका. पण मला मात्र पुन्हा विचारू नका.

तुमच्या ठकीची
मावशी