पाचव्या गाण्यापुढचं नाव

प्रिय रफीक,

तू होतास तेव्हा मी तुला एकही पत्र लिहिलं नाही. गरजच काय होती? तू रोज दुपारी लातूरला माझ्या क्लासवर यायचास, माझा कॉलर माईक तपासायचास आणि माझ्या डब्यातली अर्धी भाजी संपवायचास. आता लिहितोय, कारण तुझा दुसरा अल्बम छपाईला चाललाय आणि त्याच्या पाचव्या गाण्यापुढची जागा तू कोरी ठेवून गेलास. तिथे कुणाचं नाव लिहायचं, ते कळेना. आणि ते मी विचारणार कुणाला होतो?

अल्बम काढणारे पुण्याचे गृहस्थ दर दोन दिवसांनी फोन करायचे. एकदा म्हणाले, "सर, बाकी सगळं तयार आहे. त्या एका गाण्यापुढे 'पारंपरिक' टाकू आणि मोकळे होऊ. सगळे तेच करतात."

माणूस भला आहे. पण 'पारंपरिक' हा शब्द पुन्हा लिहायला मी तयार नव्हतो. का, ते तुला सांगायला नको.

पहिल्या अल्बमचं कव्हर मीच लिहिलं होतं. "दिग्या, तुझं मराठी चांगलं, तू लिही," म्हणालास आणि मी ऐटीत लिहायला बसलो. तिसऱ्या गाण्यात तुझ्या अब्बांनी त्यांचं क्लॅरोनेट वाजवलं होतं. अब्बा नांदेडचे बँडमास्तर, जन्म वरातीत गेलेला. बँडची धून म्हणजे कुठून तरी आलेली, दहा जणांनी वाजवलेली, असं मी आपलं गृहीत धरलं. विचारलं कुणाला? कुणालाच नाही. ठोकून दिलं, 'संगीत : पारंपरिक.'

आपण दोघं पेढे घेऊन नांदेडला तुमच्या घरी गेलो, तो दिवस आठवतो? अब्बांनी चष्मा लावला, कव्हर उलटंसुलटं करून वाचलं आणि मला विचारलं, "सर, ह्ये पारंपरिक कोण हाय? मी तर अजून जित्ता हाय की!"

घरभर हशा पिकला. मीही हसलो. तू हसला नाहीस. अम्मी दवाखान्यात होत्या तेव्हा दवाखान्याच्या पायरीवर बसून अब्बांनी ती धून बांधली होती, हे तू मला परतीच्या बसमध्ये सांगितलंस. आधी का नाही सांगितलंस? आणि मी तरी आधी का नाही विचारलं? कव्हर पुन्हा छापायचं ठरलं, पण त्याआधी अब्बाच गेले. त्यांचं नाव कव्हरवर त्यांना कधी बघायला मिळालं नाही, आणि ती चूक माझी होती.

त्यानंतर तू नावांची वही सुरू केलीस. आवाज ज्याचा, त्याचं नाव वहीत आल्याशिवाय दुसरा अल्बम बाहेर काढायचा नाही, असा तुझा हट्ट.

खरं सांगू? हा दुसरा अल्बम पहिल्यांदा ऐकला तेव्हा मला काही म्हणता काही कळलं नाही. हे भजन आहे, कव्वाली आहे, की शेजारच्या घरात भांड्यांची मांडणी कोसळली? हलगीच्या जोडीला सिंथेसायझर! तुझ्या सुलताना खालांचा चक्कीनामा चाललाय, दळता दळता म्हणायचं आपलं साधं दखनी गाणं, आणि त्याच्यामागून आमच्या क्लाससमोरच्या होस्टेलच्या पोरी आवर्तसारणी पाठ करताहेत! हायड्रोजन, हेलियम, लिथियम... त्या घोकण्यात सूर आहे, हे तुला कसं समजलं? मी वीस-बावीस वर्षं ते रोज ऐकतोय. मला त्यात फक्त चुका ऐकू यायच्या.

दुसऱ्या गाण्यात तर मीच आहे! "लिहा, लिहा, लिहा, परीक्षेला येणार," हे माझं वाक्य आणि त्यावर तू ताल धरलायस. माझा आवाज एवढा कर्कश आहे, हे मला मित्र असून कधी सांगितलं नाहीस. माईक दुरुस्त करतो म्हणून मी तुला चहा पाजायचा आणि तू माझाच आवाज पळवायचास, चोरा! लातूरभर क्लास वाढले, तीनतीनशे पोरं एका हॉलमध्ये बसायला लागली, तसं तुझं माईक-स्पीकरचं काम वाढलं. आम्हाला वाटायचं रफीक पोटापाण्याला लागला. तू मात्र कान लावून फिरत होतास.

पण वहीत बघितलं, तर नीट लिहिलेलं, 'आवाज : दिगंबर सर, रसायनशास्त्र.' चौथ्या गाण्यात मेसच्या डब्यांची झाकणं वाजतात, तर तिथे डबे करणाऱ्या कमलमावशींचं नाव. झाकणांच्या मालकिणीलाही तू सोडलं नाहीस.

पाचव्यापुढे मात्र कोरं. खाली शिसपेन्सिलीनं एवढंच, 'नाव मिळणार आहे. थांबायचं.'

अरे, मग थांबायचं होतंस की! गेल्या वर्षी दिवाळी झाली आणि आठ दिवसांत तुझं हृदय बंद पडलं. शेहेचाळीस हे काय जायचं वय आहे?

मी पाचवं गाणं किती वेळा ऐकलं असेल? आधी नुसता एका बाईचा आवाज, उतारवयाचा, थोडा दमलेला. बऱ्याच वेळानं तुझं क्लॅरोनेट येतं, तेही असं हळू, की विचारून आत आल्यासारखं. शब्द असे,

मन्याडीच्या काठी बाई, बाभळीला पिवळी फुलं,
माझ्या माहेराच्या वाटं मोजते मी बैलाची पावलं.

प्रॅक्टिकलला अनोळखी क्षार दिला तर तो कसा ओळखायचा, हे मी हजारो पोरांना शिकवलंय. म्हटलं, गाणंही ओळखू. मन्याड नदी म्हणजे कंधार. झालं! रविवारची टेस्ट रद्द केली आणि कंधारची एसटी धरली. पालकांचे फोनवर फोन. त्यांना काय सांगणार, सर गाणारी बाई शोधायला गेलेत म्हणून?

नदीकाठच्या एका गावात म्हाताऱ्या आजींच्या कानाशी फोन धरला. त्यांनी डोळे मिटून दोनदा ऐकलं.

"चाल आमचीच हाय," त्या म्हणाल्या. "पर बाई आमची न्हाई. आमच्या बाया शेवटाला येवढं लांबवीत न्हाईत. ही खाल्ल्या अंगाची, निलंग्याकडची वाटती."

गाणं नांदेड जिल्ह्यातलं आणि गळा लातूर जिल्ह्यातला! हे कसं काय? आजींवर विश्वास न ठेवता पुढचा रविवार मी कंधारजवळच्या लोह्याकडे वाया घालवला आणि मग कुठे अक्कल आली, की तुझ्या घरी विचारावं. काखेत कळसा आणि गावाला वळसा, दुसरं काय.

शाहीन भाभींनी शांतपणे सांगितलं, "निलंग्याकडं ना? गणपती उठले की दुसऱ्या दिवशी ते तिकडंच जायचे, भाईसाब. दर साली. मी विचारलं तर म्हणायचे, हाजरी द्यायला चाललो." गावाचं नावही त्यांना ठाऊक होतं. ते भूकंपात गेलेलं गाव होतं.

रफीक, दर वर्षी त्या एका दिवशी तू क्लासवर नसायचास आणि नेमका माईक बंद पडायचा. मी तुझ्या नावानं शिमगा करायचो. 'कुठे गेला होतास,' असं एकदा विचारलं असतं तर माझी जीभ झडली असती का?

गेलो त्या गावाला. जुनं गाव राहिलंच नाही. भूकंपानंतर बांधलेली सरळ ओळीतली घरं. चहाच्या टपरीवर तुझा फोटो दाखवला. टपरीवाला म्हणाला, "ह्यो तर क्लारनेटवाला! गंगाबाईकडं येतो की."

गंगाबाई साठीच्या असतील. ओसरीवर सुनांबरोबर शेंगा फोडत बसल्या होत्या. मी तुझं नाव घेतलं, तशा लगेच म्हणाल्या, "त्यो का आला न्हाई औंदा? मी नाव इचारून ठिवलंय की त्याच्यासाटी!"

मला सांगावं लागलं. कसं सांगितलं, ते मला आठवत नाही. त्या उठून आत गेल्या. मग डोळे पुसून, तांब्याभर पाणी घेऊन आल्या आणि आधी मला पाणी प्यायला लावलं.

मग सगळं कळलं. भूकंपाच्या आदल्या दिवशी गणपती उठवायला, विसर्जनाच्या मिरवणुकीला, त्या गावात तुमचाच बँड होता. तू वीस वर्षांचा. दुपारी गंगाबाईंची थोरली जाऊ डाळ भरडत होती आणि हेच गाणं म्हणत होती. तू लिंबाखाली बसून ती चाल क्लॅरोनेटवर उचललीस.

"ती लाजून गप बसली," गंगाबाई म्हणाल्या. "मंग हासली, आन् त्याला जमतंय का बघावं म्हनून दुसरी वळ मोठ्यानं म्हनली. त्यानं ती बी वाजिवली! आमी समद्या हासून हासून येड्या झालो. बँडवाल्यायला पिठलं-भाकरी तिनंच वाढली." मग म्हणाल्या, "रातच्याला बँड गेला. पहाटंला गाव गेलं. ती बी गेली."

तू दर वर्षी जाऊन काय करायचास? "बसायचा," त्या म्हणाल्या. "च्या प्यायचा. येकदा ती चाल वाजवायचा, आन् जायचा." मागच्या वर्षी मात्र तू त्यांना गायला लावलंस आणि फोनवर घेतलंस.

मी पेन काढलं. "जाऊबाईंचं नाव सांगा."

"जुन्या गावात दगडावर भूकंपात गेल्याल्यांची नावं हायत, तितं सरस्वती हाय."

मी 'स' लिहिला आणि त्यांनी माझा हात धरला. "लिवू नगा! सरस्वती आमच्या घरानं ठिवलेलं. लग्नात ताटातल्या तांदळात लिवत्यात, ते. गानं तिनं म्हायेरून आनलं, त्यात आमचं काय हाय? म्हायेरचं नाव लावा."

आणि तेच नाव त्यांना आठवत नव्हतं. जावेनं एकदाच कधीतरी जात्यावर सांगितलेलं. घरात सगळे सरस्वतीच म्हणायचे, मग लक्षात राहणार कसं? म्हणून त्यांनी तुला सांगितलं, पुढच्या साली ये, विचारून ठेवते. भूकंपानंतर जावेच्या माहेराशी येणंजाणं राहिलं नव्हतं. शेवटी उदगीरच्या एका लग्नात तिची कंधारकडची भाची भेटली, तिला यांनी मांडवातच गाठलं.

"धुरपदा," गंगाबाई म्हणाल्या. "धुरपदा नाव तिचं. पुन्ना इसरू नये म्हनून तवापासनं रोज सकाळी येकदा मोठ्यानं म्हनत हुते. सुना म्हनत्यात, म्हातारीला काय झालं!"

मी लिहून घेतलं. त्यांना वाचून दाखवलं. त्यांनी ते पुन्हा एकदा वाचायला लावलं. मला रडू आलं, रफीक. एवढ्या मोठ्या क्लासचा सर, ओसरीवर बसून रडत होतो. शेंगा फोडायला बसलेल्या सुनांनी सरळ तोंड फिरवलं, बिचाऱ्यांनी.

"आणि आवाज तुमचा," मी म्हटलं. "तुमचंही नाव लागेल."

"माझं कशाला? मी नुसतं म्हनलं."

मी कमलमावशींच्या झाकणांची गोष्ट सांगितली. त्या खुदकन हसल्या आणि विचार करून म्हणाल्या, "मंग लावा. पर तिच्या खाली लावा. बरुबरीनं नगं. ती थोरली हाय."

तर मजकूर आज सकाळी पुण्याला गेला. 'पाचवं गाणं : धुरपदा, कंधारकडची.' आणि त्याच्या खाली, 'आवाज : गंगाबाई, तिची धाकटी जाऊ.' पुण्याच्या गृहस्थांनी विचारलं, "सर, आडनाव?" मी म्हटलं, एवढंच आहे आणि एवढंच छापा. पहिला अल्बमही पुन्हा निघतोय, त्यावर अब्बांचं नाव आहे. उशीर झाला, मला माहीत आहे.

एक राहिलं. निघताना गंगाबाई दारापर्यंत आल्या. "फुडल्या साली क्लारनेट कोन वाजिवनार?" त्यांनी विचारलं. मी म्हटलं, मला तर साधी शिट्टी वाजवता येत नाही. त्या म्हणाल्या, "मंग नुसतं आयकाया या. तिची अजून लई गानी हायत माझ्याजवळ. कुनी तरी इचारलं तर म्हनीन."

मी येतो म्हणालोय. गणपती उठल्याच्या दुसऱ्या दिवशी क्लासला सुट्टी, दर वर्षी. पालकांना काय बोंबलायचं ते बोंबलू दे. मी जाईन, चहा पिईन, प्रत्येक गाणं कुणाचं, कुठून आणलं, कुणाकडून शिकलं, ते आधी विचारीन. मगच लिहीन.

तुझा,
दिग्या