अकरा अंश

आंग्रा, ३ जून १८३१
पकडलं! धुक्यात राजाचं जहाज आपणहून आमच्या तोफांखाली आलं. दोन वर्षांपूर्वी ते राणीचं, म्हणजे आमचंच होतं. मग त्यांनी पकडलं. आता पुन्हा आमचं. दुसऱ्यांदा नाव खरवडताहेत.
सुकाणूवर बेल्शियोर होता. माझा भाऊ! किल्ल्यात कोंडलाय.

५ जून
गावभर घंटा. आनंद करायचा की नाही, कळत नाही. भांडण राजा-राणीचं, म्हणजे काका-पुतणीचं, गादीसाठी. बेल्शियोरला राजाच्या लोकांनी जबरदस्तीने नेलं की तो स्वतः गेला — तेही ठाऊक नाही. शेजारच्या पेर्पेतुआ मावशी म्हणाल्या, "बापाकडून होकायंत्राच्या सुया सरळ करायला शिकलीस. भाऊ राहिलाच की गं!"

८ जून
कमांडर म्हणाले, "जाणूनबुजून जहाज इथे आणलं असेल, तर तो आमचा. नाहीतर फितूर. शनिवारी फाशी." बेल्शियोर गप्प आहे म्हणे.
जहाजाचं होकायंत्र दुरुस्तीला माझ्याकडेच आलं, लाकडी पेटीसकट.

९ जून
पेटीच्या कडेत पोलादाचं तुटकं टोक रुतलंय. तीनदा मोजलं. सुई त्याच्याकडे अकरा अंश सरकते. नकाशावर रेघ ओढली — थेट आमचं बंदर!
अहवालात 'जाणूनबुजून' लिहिलं. सही केली. बाबा सांगायचे, मोजलं तेवढंच लिही. हेतू मोजता येत नाही. तरी लिहिला.

१० जून
सुटला!
जेवताना मक्याचा पाव कापायला त्याने खिशातून सुरी काढली. टोक नव्हतं.
"कुठे मोडलं?"
"वारा पडला होता. बाबा नाही का डोलकाठीत सुरी खुपसून वारा बोलवायचे? मी सुकाणू सोडून कसा जाणार? समोरच्या पेटीतच खुपसली. आला की वारा!" मग हसला. "बंदर कसं चुकलं, देव जाणे."
"तुला का सोडलं?"
"गावचा माणूस म्हणून."
मी पाव खाल्ला.

१२ जून
अहवाल दुरुस्त केला, तर फाशी. त्याला सांगितलं, तर गुत्त्यात बोलून बसेल. सुरी तेवढी काढून घेतली. खणात आहे.

१५ जून
तेच जहाज, नवं नाव, आमचा झेंडा. आज मोहिमेवर निघालं. सुकाणूवर बेल्शियोर — होकायंत्र फसवणारा म्हणून खास निवडलेला. वारा अजिबात नव्हता. होड्यांनी ओढून बंदराबाहेर काढलं.
घरी आले. खण उघडा होता. सुरी नव्हती.